तीन पेनं आणि चार महिन्यांच्या चेकशीट

सल्ला विचारणारं एक पत्र आलंय, चार पानी आहे, सगळं देत नाही, नाव-गाव-कंपनी काढून सारांश सांगते. लिहिणारा ३३ वर्षांचा, मेकॅनिकल डिप्लोमा झालेला, बेळगावात उद्यमबाग ह्या कारखान्यांच्या वसाहतीतल्या एका मशीनशॉपमध्ये ४ वर्षं ५ महिने कामाला. आधी सीएनसीवर, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मशीनवर होता, हात चांगला म्हणून इन्स्पेक्शनला घेतला आणि मग प्रमोशन देऊन क्वालिटी सिस्टीमला बसवला, म्हणजे आता मशीनला हात लावायचा नाही, कागद करायचे. चेकशीट म्हणजे मालाची मापं लिहायचे तक्ते, कायझेन म्हणजे कामातल्या छोट्या सुधारणांच्या नोंदी, कस्टमर कंप्लेंटची उत्तरं, महिन्याच्या रिव्ह्यूची पीपीटी, त्या रिव्ह्यूच्या आधी होणाऱ्या रिव्ह्यूची पीपीटी. मोबाइलवर ऑफिसचे १४ ग्रुप. मागच्या महिन्यात ऑडिट होतं म्हणून त्यानं आणि आणखी दोघांनी तीन रात्री बसून चार महिन्यांच्या चेकशीट भरल्या, तीन वेगवेगळ्या पेनांनी, आणि काहींवर चहाचा कप ठेवून डाग पाडले म्हणजे जुन्या वाटतील. ऑडिटरनं त्यातल्या दोन उघडल्या, जमिनीवरचे पिवळे पट्टे छान आखलेत म्हणाला आणि जेवायला गेला. वडील २८ वर्षं फाउंड्रीत मोल्डर, म्हणजे ओतकामाचे वाळूचे साचे करणारे होते, अजून कुठं पंपाचं केसिंग दिसलं की ‘हे आमच्यातलं’ म्हणून हात लावून बघतात. ‘मला माझं म्हणून दाखवायला काय हाय, एक्सेलची फाइल?’ असं त्यानं लिहिलंय. पगार ३८ हजार, घराचा हप्ता १४,५००, बायको मराठी शाळेत शिक्षिका, मुलगी चार वर्षांची. डोक्यात तीन वाटा आहेत: मेव्हण्याच्या ओळखीनं पुण्याकडं चाकणच्या कारखान्यांत जाणं, मित्राबरोबर एक मशीन घेऊन जॉबवर्क, म्हणजे दुसऱ्यांचे पार्ट करून देणं, नाहीतर सगळं सोडून गावची दीड एकर. प्रश्न एका ओळीचा: ‘काकू, ह्या कामाला काही अर्थच नाही, सोडू काय?’

अरे बाबा,

चहाच्या डागाचं वाचून मी आधी हसले, खोटं कशाला सांगू. मोठ्यानं हसले, आतल्या खोलीतनं आमचे हे विचारायला लागले काय झालं म्हणून. मग पत्र परत पहिल्यापासून वाचलं तेव्हा हसू आलं नाही. तीन रात्री जागून जो माणूस पेनं बदलून बदलून लिहितो त्याचं डोकं चांगलं चालतं, कामाचा कंटाळा पण नाही त्याला, आणि हे सगळं कशावर खर्च झालं तर डाग पाडण्यावर.

मी २६ वर्षं एका सोसायटीत नोकरी केली, कुठली ते राहू दे. त्यातली ११ वर्षं आवक-जावक माझ्याकडे होतं. आलेलं पत्र रजिस्टरला चढवायचं, गेलेलं पत्र रजिस्टरला चढवायचं, शिवाय साहेबांना त्या रजिस्टरचा गोषवारा दर शनिवारी वेगळ्या वहीत लिहून पाहिजे असायचा, आणि त्या वहीवर साहेब सही करायचे न बघता. मी एकदा गंमत म्हणून गोषवाऱ्यात ‘आज पाऊस आला’ असं लिहिलं, त्याच्यावर पण सही झाली. रिटायर झाल्यावर वर्षभरानं खडेबाजारातनं चिरमुरे घेतले, घरी येऊन पुडी सोडली तर आत माझंच अक्षर, जावक क्रमांक सुद्धा स्पष्ट. जुनी रजिस्टरं रद्दीत घातली असणार. मी तो कागद थोडा वेळ धरून बसले आणि मग चिरमुरे खाल्ले, त्यात शेंगा कमी होत्या. तेव्हा मी भिंतीवर बसून तुला उपदेश करुलालोय असं समजू नकोस, मी त्याच चिखलातली आहे.

आणि हा रोग नवा पण नाही आणि बेळगावचा पण नाही. पार्किन्सन नावाच्या एका इंग्रज माणसानं १९५५ साली एक लेख लिहिला होता, त्यात त्यानं ब्रिटिश नौदलाचा हिशेब मांडला होता. १९१४ साली मोठी लढाऊ जहाजं होती ६२, १९२८ साली राहिली २०. आणि त्याच काळात नौदलाच्या ऑफिसातले अधिकारी २००० चे झाले ३५६९. जहाजं कमी, साहेब जास्त. त्याचं म्हणणं असं की दोन अधिकारी असले की ते एकमेकांसाठी काम तयार करतात, बाहेरून काम यायची गरजच नसते. तुझ्या त्या रिव्ह्यूच्या आधीच्या रिव्ह्यूला वेगळं काय म्हणायचं. हे एवढ्यासाठी सांगितलं की तुझं नशीब वाईट, तुझी कंपनीच वाईट असं काही नाही. चाकणला गेलास तरी तिथं पिवळे पट्टे असणारच, कदाचित जास्त जाड.

आता तुझ्या पत्रातल्या दोन गोष्टी मला पटल्या नाहीत, त्या आधी काढते.

पहिली म्हणजे बाबांचं काम. तू लिहिलंयस की बाबांच्या कामाला अर्थ होता आणि तुझ्या नाही. हे बाबा म्हणालेत काय कधी? की तूच ठरवलंयस? आमच्या वडगावात शेजारी एक मोल्डर राहायचे, त्यांचं मला आठवतं ते सांगते. संध्याकाळी घरी यायचे तेव्हा नाकात, कानात, भुवयांत काळी वाळू. न्हाणीतलं पाणी काळं जायचं. पोरिंगच्या, म्हणजे ओतायच्या दिवशी साधारण १४०० डिग्रीचं लोखंड लॅडलमध्ये घेऊन साच्यापर्यंत दोघांनी चालत जायचं, पाय सरकला तर संपलं, त्यांच्या डाव्या पावलावर रुपयाएवढे तीन गोल डाग होते, बूट जाळून आत गेलेल्या थेंबांचे. पीसवर पैसे मिळायचे, कास्टिंगात ब्लोहोल, म्हणजे हवेचं भोक निघालं की रिजेक्शन, आणि रिजेक्शनचे पैसे नाहीत, मग चूक वाळूची असो नाहीतर कोअरवाल्याची असो. पन्नाशीत गुडघे गेले आणि छातीत खरखर यायला लागली. त्यांची बायको म्हणायची, पोराला काही करून पंख्याखालचं काम लागूदे देवा.

म्हणजे बघ, तू ज्या खुर्चीला शिव्या घालतोयस ती खुर्ची मिळावी म्हणून घराघरात नवस बोलले गेलेत. याचा अर्थ तू गप्प बसून उपकार मान असा नाही, तसलं बोलणाऱ्या माणसांचा मला पण राग येतो. पण केसिंगवर हात ठेवणारे बाबा हे रिटायर झालेले बाबा आहेत. कामावर होते तेव्हा ते काय म्हणायचे ते आठवून बघ, नाहीतर सरळ विचार. आणि आणखी एक विचार, त्यांना त्या २८ वर्षांत आवडलेलं काय होतं. माझा अंदाज आहे की ते लोखंडाबद्दल कमी आणि माणसांबद्दल जास्त बोलतील, दुपारच्या डब्याबद्दल, एखाद्या उस्तादाबद्दल ज्यानं वाळू मुठीत दाबून ओल कशी ओळखायची ते शिकवलं. अंदाजच आहे, चुकेल पण.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. तू म्हणतोस कागदाला अर्थ नाही. मला पत्र वाचताना शंका आली म्हणून मी आमच्या भाच्याला फोन लावला, तो पण मच्छेला ह्याच लाइनीत आहे, आणि त्याला म्हटलं मला चेकशीट म्हणजे काय ते लहान पोराला सांगतात तसं सांग. त्यानं सांगितलं ते असं. एक भोक पाडायचंय, बोर म्हणतात, ३५ मिलिमीटरचं, आणि त्यात २५ मायक्रॉनपेक्षा जास्त फरक चालत नाही. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉनचा, म्हणजे केसाच्या तिसऱ्या हिश्श्याचा खेळ. मशीन बरोबर असलं तरी इन्सर्ट म्हणजे कापणारी टीप झिजत जाते, आणि झिजली की बोर हळूहळू लहान व्हायला लागतं, डोळ्याला कळत नाही. म्हणून दर तासाला एक पीस काढून मोजायचा आणि लिहायचा. दहा वाजता बरोबर होतं, अकरा वाजता बिघडलेलं सापडलं, तर फक्त त्या एका तासाचा माल बाजूला काढायचा. लिहिलं नसेल तर? तर आठवडाभराचा माल शोधत बसा, तो तोवर पुण्याला पोचून गाडीत बसलेला असतो.

हे ऐकून मला वाटलं की ही तर किती शहाणपणाची गोष्ट आहे! माझ्या शनिवारच्या गोषवाऱ्यासारखी नाही ही. कुणीतरी विचार करून काढलेला कागद आहे. मग ह्याला अर्थ नाही असं तुला का वाटतंय?

कारण तू तो खोटा भरतोयस.

रागावू नकोस. तू पत्रात ‘निरर्थक’ हा शब्द सात वेळा लिहिलायस, मी मोजले, पण ‘खोटं’ हा शब्द एकदा पण नाही. मला वाटतं तुझी तीन दुखणी आहेत आणि तू सगळ्यांना एकच नाव दिलंयस. काही काम नुसतं कंटाळवाणं असतं, दर तासाला पीस मोजणं हे कंटाळवाणंच आहे, भाकऱ्या थापणं पण कंटाळवाणं आहे, त्याला इलाज नाही आणि त्यानं कुणी मरत पण नाही. काही काम फुकटचं असतं, माझा गोषवारा, तुझी आधीच्या रिव्ह्यूची पीपीटी, त्यात वेळ जातो, चिडचिड होते, पण आपण घरी येऊन ते विसरून जेवतो. आणि काही काम खोटं असतं. जी मापं घेतली नाहीत ती घेतली म्हणून लिहायची, खाली स्वतःची सही. हे घरी आलं तरी जात नाही, तू लिहिलंयस की त्या तीन रात्रींनंतर मुलीनं ‘पप्पा काय लिहिलात’ विचारलं आणि तू तिच्यावर ओरडलास. निरर्थक कामानं माणूस पोरीवर ओरडत नाही रे, कंटाळतो फार तर.

म्हणून सोडू काय ह्या प्रश्नाच्या आधी दुसरा प्रश्न आहे, की ह्यातलं खोटं थांबवता येईल काय. नोकरी न सोडता. कारण जॉबवर्क चालू केलंस तर तुझा कस्टमर तुझ्याकडं हीच चेकशीट मागणार आहे, आणि तिथं रात्री जागायला आणखी दोघं पण नसणार.

आता काय करायचं ते माझ्या कुवतीप्रमाणं सांगते, भाच्याची मदत घेऊन. एक साधी वही घे, ऑफिसची नको, मुलीच्या शाळेची जुनी असेल तर चालेल. दोन आठवडे संध्याकाळी पाच मिनिटं बसून दिवसभरातली कामं लिही आणि समोर कं, फु नाहीतर खो एवढंच अक्षर घाल. चांगलं काम पण एखादं निघेल, त्याला काहीच अक्षर घालू नकोस. फुकटची कामं लगेच बंद होत नाहीत पण एक युक्ती मी स्वतः केलेली आहे, एखादा रिपोर्ट न सांगता दोन आठवडे पाठवायचा नाही आणि बघायचं कोण विचारतंय. माझ्या गोषवाऱ्याचं कुणी पाच शनिवार विचारलं नाही, सहाव्या शनिवारी विचारलं ते पण शिपायानं, वही कुठं ठेवलीय म्हणून. अर्थात हे कस्टमरला जाणाऱ्या रिपोर्टबरोबर करू नकोस, आतल्या आत फिरणाऱ्याबरोबर कर.

खोट्याचं मात्र युक्तीनं भागणार नाही. इथं मी स्पष्ट बोलते कारण तुला कुणी बोललेलं नाही असं दिसतंय. सही तुझी आहे. उद्या तो पार्ट कुठं तुटला आणि मागचे कागद मागवले तर साहेबांचं अक्षर कुठंच नसणार, तीन पेनांतलं अक्षर तुझं असणार. तेव्हा मागच्या तारखेच्या कागदावर आजपासून सही नाही. हे साहेबांना आवाज चढवून सांगायचं नाही, उपोषणाला बसल्यासारखं पण नाही. एकटे असताना सांगायचं की साहेब, मागचे रकाने कोरे राहूदेत, आपण उद्यापासून खरं भरू, आणि पुढच्या ऑडिटला आपणच दाखवू की इथपर्यंत गॅप होती, इथून बंद केली. भाचा म्हणतो की कोरा रकाना सापडला तर बहुतेक वेळा मायनर एनसी, म्हणजे ऑडिटरनं काढलेली किरकोळ त्रुटी येते, सुधारणा दाखवली की मिटते. पण बनावट रेकॉर्ड आहे असं ऑडिटरला कळलं तर मेजर, आणि मग सर्टिफिकेटवर येतं. साहेबांना नीतीची भाषा कळणार नाही कदाचित, एनसीची नक्की कळते. तीच बोल.

आणि खरं भरता का येत नाही ते पण बघ की. तू लिहिलंयस चेकशीटवर ४२ पॉइंट आहेत. तासाला ४२ मापं घ्यायची तर ऑपरेटरनं मशीन कधी चालवायचं? तो बिचारा शेवटी शिफ्ट सुटताना सगळ्या रकान्यांत ओके ओके ओके मारतो, आणि तो मारत नाही तेव्हा तू मारतोस. ते ४२ कुठनं आले हे शोध. मी पैज लावते की प्रत्येक कंप्लेंटनंतर उत्तरात लिहायला काहीतरी पाहिजे म्हणून एकेक पॉइंट वाढवत नेला असणार, आणि काढायचं कुणाच्या डोक्यात आलं नसणार. कस्टमरनं ड्रॉइंगवर खूण करून दिलेले पॉइंट त्याला विचारल्याशिवाय हलवायचे नाहीत, एवढं पथ्य. बाकीच्यातले दर तासाला किती, शिफ्टला एकदा किती, सेटिंग बदललं तरच किती, हे तू सीएनसीवर काम केलेला माणूस आहेस म्हणून तुलाच ठरवता येईल, पीपीटी करणाऱ्या दुसऱ्या कुणाला येणार नाही. ४२ चे ९ झाले आणि ते ९ खरे भरले गेले तर ते तुझं काम. बाबांच्या केसिंगसारखं हात लावून दाखवता येणार नाही, हे मात्र खरं आहे, त्याला माझ्याकडं उत्तर नाही.

कायझेनचं वाचून मला सगळ्यात जास्त हसू आलं. महिन्याला दोन कायझेन सक्तीचे, म्हणून तू डस्टबिन दोन फूट डावीकडं सरकवला त्याचं एक, आणि पुढच्या महिन्यात परत उजवीकडं आणला त्याचं दुसरं, आणि दुसऱ्याला बक्षीस म्हणून स्टीलचा डबा मिळाला! डबा वापरा, चांगला असतो. पण ह्याच वाटेनं एक खरं काम करता येईल बघ. तुझ्याच पत्रात आहे की मशीनसमोर सूचनांचे बोर्ड इंग्लिशमध्ये आहेत आणि चालवणारी पोरं म्हणजे दोन खानापूरकडची, एक बैलहोंगलचा, बाकी ओडिशा-बिहारची. इंग्लिश कुणीच वाचत नाही. आमच्या भागात पाटी म्हटलं की माणसं दचकतात, आणि दुकानाच्या पाटीवर ६० टक्के कन्नड पाहिजे हा २०२४ चा नियम पोरासोरांना पाठ आहे, पण आत, जिथं बोट जाऊ शकतं, त्या मशीनवरची पाटी ते चालवणाऱ्याला कळते काय, ह्याच्यासाठी आजवर एक पण मोर्चा निघालेला नाही. फोटो काढून, मोठे बाण दाखवून, खाली मराठी, कन्नड, हिंदी तिन्हींत दोन-दोन ओळी. चहाच्या टपरीवर तुम्ही सगळे तिन्ही भाषा मिसळून बोलताच, तेवढीच लिहायची. बैलहोंगलच्या पोराकडून कन्नड तपासून घे, तुझं तू लिहू नकोस, आमचं कन्नड बोलायला ठीक, लिहायला गेलं की फजिती. दोन काय, सहा महिन्यांचे कायझेन होतील यातनं, डस्टबिन जागेवर राहील.

आता तुझ्या तीन वाटा.

चाकणबद्दल जास्त बोलत नाही. पगार वाढेल, भाडं वाढेल, बायकोची शाळा सुटेल, बाबांना एकटं ठेवावं लागेल नाहीतर दोन खोल्यांत आणावं लागेल. जायचं तर पगारासाठी जा आणि तसं मोकळेपणानं म्हण, त्यात काही कमीपणा नाही. अर्थ शोधायला चाकणला जाऊ नकोस.

शेतीबद्दल: दीड एकर आत्ता कोण बघतंय? काका ना? त्यांना विचारलंस काय? रविवारी गावाकडं गेल्यावर बांधावर उभं राहून भात बघताना मला पण फार बरं वाटतं, बासमतीचा वास येतो, वारा असतो. सोमवारी औषध मारायला मी नसते. रताळ्याचा भाव काढणीच्या वेळी कसा पडतो ते काकांकडनं ऐक एकदा नीट बसून, आणि मग ठरव. दीड एकरावर १४,५०० चा हप्ता निघत नाही हे तुला पण माहीत आहे.

जॉबवर्कचं मात्र मला पटतंय, पण आत्ता नाही. आपल्याकडं असल्या विषयात कुणी ना कुणी लक्ष्मणराव किर्लोस्करांचं उदाहरण देतंच, मुंबईला व्हीजेटीआय ह्या तांत्रिक कॉलेजात शिकवत होते, बढती डावलली, नोकरीवर लाथ मारून बेळगावला आले, सायकलचं दुकान, मग लोखंडी नांगर, मग एवढा मोठा कारखाना. किर्लोस्कर रोडवरनं जाताना आमचे हे अजून सांगतात. पण ह्या गोष्टीतला एक भाग सांगायचा राहून जातो, की लक्ष्मणराव मुंबईत पगार घेत होते तेव्हाच भाऊ रामुअण्णा इथं बेळगावात दुकान बघत होते, लक्ष्मणराव तिकडनं सायकली घेऊन पाठवायचे. म्हणजे लाथ मारायच्या आधी पाय ठेवायला जागा केलेली होती. आणि लोखंडी नांगरानं जमीन नासते म्हणून शेतकरी हात लावायला तयार नव्हते, पहिला नांगर विकायला दोन वर्षं गेली. दोन वर्षं! त्यानंतर १९१० च्या सुमाराला नगरपालिकेनं जागा सोडायला लावली म्हणून ते कुंडलकडं माळावर गेले, ते वेगळंच.

तुझ्याकडं दोन वर्षांचा तग आहे काय? नसेल तर तो आधी कर. मित्र आत्ता काय करतो ते तू लिहिलं नाहीस, पण तो पूर्ण वेळ उतरणार असेल तर तू वर्षभर पगारावर राहून संध्याकाळी आणि रविवारी हिशेब, कोटेशन, इन्स्पेक्शन बघ, मात्र तुझ्या कंपनीच्याच कस्टमरचं काम घेऊ नकोस आणि अपॉइंटमेंट लेटरमध्ये बाहेरचं काम करण्याबद्दल काय लिहिलंय ते आधी वाच. उद्यम रजिस्ट्रेशन, म्हणजे छोट्या उद्योगाची सरकारी नोंदणी, पहिल्या दिवशी कर, ऑनलाइन असतं, फुकट असतं, एजंटाला पैसे देऊ नकोस. ते असेल तर छोट्या कारखानदाराचे पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यायचे असा २००६ पासून कायदा आहे. कायदा असला तरी मोठ्या पार्टीकडं पैसे मागायला तोंड उघडत नाही हे मला माहीत आहे, उद्यमबागेत निम्मी माणसं ‘पेमेंट येणार हाय’ ह्या वाक्यावर जगुलालेत. म्हणून एकाच कस्टमरवर राहू नका. आणि हे सगळं करताना बायकोचा शब्द घे, पत्रात तिच्याबद्दल ‘ती काही म्हणत नाही’ एवढंच आहे. काही म्हणत नाही म्हणजे चालतंय असं नसतं, हे तुला ३३ व्या वर्षी कळायला पाहिजे.

तुझ्या पत्राच्या तिसऱ्या पानावर एक वाक्य आहे जे मी वर सारांशात मुद्दाम घेतलं नाही. रविवारी सकाळी मंडळाच्या खोलीत आयटीआयच्या चार पोरांना व्हर्नियर आणि मायक्रोमीटर बघायला शिकवतोस, ‘तेवढाच टाइमपास’. बाकी पत्रभर तू ‘होतंय’, ‘करावं लागतंय’, ‘बसवलंय’ असं लिहिलंयस आणि इथं आल्यावर एकदम व्हर्नियरच्या ०.०२ च्या रेघा त्या पोरांना कशा दिसत नव्हत्या, मग तू टॉर्च तिरपा धरून कशा दाखवल्यास, एकाला जमल्यावर त्यानं खोलीतल्या सगळ्या वस्तू, गणपतीच्या पाटाची जाडी सुद्धा मोजून काढली, असं अर्धं पान लिहून गेलायस. कुणी सांगितलं नव्हतं लिहायला.

आपल्याकडं कडोली, येळ्ळूर, उचगाव, बेळगुंदी असल्या गावांत दर हिवाळ्यात साहित्य संमेलनं भरतात, तिथं मांडव घालणारी, पाहुण्यांना स्टेशनवरनं आणणारी माणसं कोण असतात? कोण शेतकरी, कोण गवंडी, कोण तुझ्यासारखा कंपनीत. त्यातल्या कुणाला विचारलं नोकरीत अर्थ आहे काय तर तो तुझ्याकडं बघत बसेल, म्हणेल पगार हाय की. नोकरीनंच सगळं द्यावं, पैसा पण, मान पण, जगण्याचा अर्थ पण, ही मागणी आपल्या आईबापांनी कधी केली नव्हती, आपण कुठनं शिकलो काय की. फक्त एक विनंती, त्या रविवारच्या वर्गाचा क्लास करू नकोस. फी नको, बोर्ड नको, ग्रुप तर अजिबात नको, १५ वा होईल. तो आहे तसा राहूदे.

हे पत्र वाचणाऱ्या बाकीच्यांना पण दोन शब्द. मला दर महिन्याला अशी चार-पाच पत्रं येतात, शाळेतल्या बाईंचं येतं की शिकवण्यापेक्षा फोटो अपलोड करण्यात दिवस जातो, अंगणवाडीच्या ताईंचं येतं की बाळाचं वजन घ्यायला पाच मिनिटं आणि ॲपमध्ये घालायला नेट मिळेपर्यंत अर्धा तास. तुमच्या वहीत पण ती तीन अक्षरं घालून बघा. बहुतेकांच्या वहीत फु भरपूर निघेल, खो कमी निघेल. खो निघालं नाही तर तुमची नोकरी कंटाळवाणी आहे, एवढंच, सुट्टी घ्या, गोव्याला जाऊन या, तीन तासांवर आहे. खो निघालं, ज्या पोराचं वजन घेतलं नाही त्याचं वजन तुम्ही लिहिलं, तर मात्र ते अंगावर काढू नका. वरच्या माणसाला एकदा तरी लेखी कळवा की अमुक कारणानं हे काम होत नाही, तारीख घालून, आणि त्याची एक प्रत घरी ठेवा. माझ्या २६ वर्षांतला एवढाच एक कागद आहे जो मी रद्दीत जाऊ दिलेला नाही.

आणि तू, ४ वर्षं ५ महिने झालेत ना? मग काही झालं तरी अजून सात महिने राजीनामा नाही. सलग पाच वर्षं भरली की ग्रॅच्युइटी लागू होते, शेवटच्या बेसिक अधिक डीएला १५ नं गुणायचं, २६ नं भागायचं, आणि वर्षांनी गुणायचं. तो आकडा समजा १८ हजार असेल तर साधारण ५२ हजार होतात, तुझ्या साडेतीन हप्त्यांचे पैसे, ते साहेबांना कशाला सोडायचे. पीएफ काढायचा नाही, नवीन ठिकाणी ट्रान्स्फर करायचा, पाच वर्षांच्या आत काढला तर त्यावर टॅक्स लागतो. नोटीस पिरियड किती आहे ते पण बघ. आणि जॉइनिंगची तारीख लेटरवर बघून मोज, मनानं मोजू नकोस, ट्रेनी म्हणून धरलेले महिने धरलेत की नाहीत ते एचआरला विचारून घे.

बाबा काय म्हणाले ते कळव.

तुझी काकू